स्कोनला फुगवलं कुणी?

स्कॉटलंडचा मूळ स्कोन फुगत नसे आणि भट्टीतही जात नसे. तिथल्या थंड, ओलसर हवेत गव्हापेक्षा ओट आणि बार्लीच भरवशाची. त्यांच्या पिठाची जाड, गोल भाकर थापून ती 'गर्डल'वर भाजत. गर्डल म्हणजे सपाट लोखंडी तवा. विस्तवावर टांगता यावा म्हणून त्याला वर कमानीसारखी कडी असे. भाकरीचे चार तुकडे केले की एकेक तुकडा 'फार्ल'.

हा पदार्थ वाङ्मयात आला तो थेट ट्रॉयच्या वीरांबरोबर. 1513 मध्ये गॅविन डग्लस या कवीने रोमन कवी व्हर्जिलचं 'ईनिड' हे महाकाव्य स्कॉट्स भाषेत आणलं. त्यात भुकेले वीर ज्या चपट्या रोट्यांवर जेवण वाढून घेतात, त्यांना त्याने स्कोन म्हटलं.

स्कोनला उंची दिली एकोणिसाव्या शतकाने. खाण्याचा सोडा घरोघर पोचला. लोणी काढल्यावर उरणारं ताक गोठा असलेल्या घरात होतंच. ताकातल्या आम्लाची सोड्याशी गाठ पडली की कार्बन डायऑक्साइड सुटतो, यीस्टसारखं ताटकळावं लागत नाही. 1843 मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डने यीस्ट न सोसणाऱ्या पत्नीसाठी बेकिंग पावडर बनवली, मग ताकाचीही अट उरली नाही. पुढे ओव्हन असलेल्या लोखंडी चुली घरांत आल्या आणि स्कोन तव्यावरून उतरला.

आजच्या कृतीतली घाई या रसायनातूनच आली आहे. 225 ग्रॅम मैद्यात अर्धा चमचा सोडा, एक चमचा बेकिंग पावडर आणि चिमूटभर मीठ मिसळायचं, 50 ग्रॅम गार लोणी बोटांनी चोळायचं, साधारण 150 मिलिलिटर ताकात गोळा जेमतेम सांधायचा. मळत बसलं तर मैदा चिवट होतो, रेंगाळलं तर वायू निसटतो. दोन-अडीच सेंटिमीटर जाड थापून, कापून, 220 अंशांवर 12 ते 15 मिनिटं.

तव्यावरची शाखा मात्र खुंटली नाही. उकडलेल्या बटाट्याचा 'टॅटी स्कोन' स्कॉटिश न्याहारीत अजून असतो. 'ड्रॉप स्कोन' तर पातळ पिठाचा, चमच्याने तव्यावर सोडायचा. 1959 मध्ये स्कॉटलंडमधल्या बॅल्मोरल राजवाड्यात आलेल्या अमेरिकी राष्ट्राध्यक्ष आयझेनहॉवरना दुसऱ्या एलिझाबेथ राणीने तोच खिलवला आणि 1960 मध्ये त्याची कृती पत्राने धाडली. फुगलेल्या धाकट्या भावाचं नाव जगभर झालं. राणीने पाहुण्यासाठी निवडला तो तव्यावरचाच.