वादकालीन आदेशांविरुद्ध दाद

दिवाणी दावा दाखल झाल्यापासून अंतिम निकालापर्यंत न्यायालय जे प्रक्रियाविषयक आदेश देते, त्यांना वादकालीन आदेश म्हणतात. कैफियतीत दुरुस्ती करू देणे वा नाकारणे, कागदपत्र पुराव्यात घेणे, तात्पुरता मनाईहुकूम देणे, रिसीव्हर नेमणे इ. आदेश या प्रकारात मोडतात. त्यांनी पक्षकारांच्या हक्कांचा अंतिम निर्णय होत नाही. तथापि दाव्याचे भवितव्य पुष्कळदा त्यांवरच ठरते. प्रत्येक आदेशाविरुद्ध वरिष्ठ न्यायालयात जाण्यास मुभा दिली, तर दावा संपतच नाही. मुळीच दिली नाही, तर चुकीच्या आदेशाने झालेली हानी निकालानंतर भरून निघेलच असे नाही. या द्वंद्वातून भारतातील यासंबंधीचा कायदा घडत गेला आहे.

१८५९ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने दाव्याच्या ओघातील आदेशांवर सामान्यतः अपील नाकारले. मात्र हुकूमनाम्यावरील अपिलात अशा आदेशातील दोष दाखविण्याची सवलत ठेवली. हेच तत्त्व १९०८ च्या संहितेच्या कलम १०५ मध्ये आढळते. कलम १०४ व आदेश ४३ यांत नमूद केलेल्या आदेशांवर मात्र थेट अपील करता येते.

अपील नसलेल्या प्रकरणांसाठी पुनरीक्षणाची तरतूद झाली. १८७७ च्या संहितेतील कलम ६२२ अन्वये, कनिष्ठ न्यायालयाने नसलेली अधिकारिता वापरली किंवा असलेली वापरली नाही, तर उच्च न्यायालयास हस्तक्षेप करता येई. अधिकारिता बेकायदेशीरपणे किंवा महत्त्वाची अनियमितता करून वापरणे, हे तिसरे कारण १८७९ मध्ये जोडण्यात आले. त्याचा अर्थ फार व्यापक होऊ नये, म्हणून अमीर हसन खान खटल्यात (१८८४) प्रिव्ही कौन्सिलने असे ठरविले, की ज्या न्यायालयाला प्रश्नाचा निर्णय करण्याची अधिकारिता आहे, त्याने तो चुकीचा केला एवढ्यावरून पुनरीक्षण होत नाही. ही तिन्ही कारणे १९०८ च्या संहितेच्या कलम ११५ मध्ये कायम राहिली.

या कलमातील ‘निर्णीत प्रकरण’ या शब्दप्रयोगाबाबत उच्च न्यायालयांत दीर्घकाळ मतभेद होते. सर्वोच्च न्यायालयाने खन्ना विरुद्ध डिलन (१९६३) या खटल्यात प्रकरणाच्या एखाद्या भागाचा निर्णयही त्यात येतो, असे मानले. विधी आयोगाने १९७३ मध्ये कलम ११५ रद्द करण्याची शिफारस केली होती. संसदेने ते ठेवले, परंतु १९७६ च्या सुधारणेने त्यावर मर्यादा घातल्या. १ जुलै २००२ पासून अंमलात आलेल्या सुधारणेने त्या अधिक कडक केल्या. अर्जदाराच्या बाजूने आदेश झाला असता तर दावा किंवा कार्यवाही अंतिमतः निकालात निघाली असती, अशाच प्रसंगी आता पुनरीक्षण होते. वादपत्र फेटाळण्याचा प्रतिवादीचा अर्ज नामंजूर झाल्यास ही कसोटी पुरी होते. दुरुस्तीचा अर्ज नामंजूर झाल्यास सामान्यतः होत नाही. नागपूरच्या शिवशक्ती सहकारी गृहनिर्माण संस्थेच्या खटल्यात (२००३) सर्वोच्च न्यायालयाने हा संकोच मान्य केला.

परिणामी संविधानाच्या अनुच्छेद २२७ खालील अधीक्षणाच्या अधिकारास महत्त्व आले. त्याचे मूळ १८६१ च्या उच्च न्यायालय अधिनियमात आहे. १९३५ च्या अधिनियमाने त्याचे न्यायिक अंग आखडले होते. संविधानाने ते पूर्ववत् केले. बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने पुन्हा तशीच मर्यादा घातली व चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने (१९७८) ती काढून टाकली. मुंबईहून आलेल्या शालिनी शेट्टी खटल्यात (२०१०) हा अधिकार क्वचितच व संयमाने वापरावा, असे सर्वोच्च न्यायालयाने बजावले. राधेश्याम खटल्यात (२०१५) दिवाणी न्यायालयाच्या न्यायिक आदेशाविरुद्ध अनुच्छेद २२६ खाली प्राधिलेख मागता येत नाही, असे ठरले.

मुंबई उच्च न्यायालयाच्या मूळ शाखेतील एकल न्यायाधीशांच्या आदेशांचा प्रश्न निराळा आहे. लेटर्स पेटंटच्या पंधराव्या खंडानुसार ‘निर्णया’वर त्याच न्यायालयाच्या खंडपीठाकडे अपील होते. रिसीव्हर व मनाईहुकूम नाकारणारा आदेश असा निर्णय ठरतो, असे शाह बाबुलाल खिमजी खटल्यात (१९८१) सर्वोच्च न्यायालयाने सांगितले व अपील चालण्याजोगे नाही हे खंडपीठाचे मत अमान्य केले.

पुनरीक्षणाचा मार्ग अरुंद होताच पक्षकार अधीक्षणाच्या मार्गाकडे वळले, असे या इतिहासावरून दिसते. विधिमंडळ कायद्याने उपाय आखडू शकते. परंतु न भरून येणाऱ्या अन्यायाविरुद्ध दाद मागण्याची गरज त्यामुळे संपत नाही. म्हणूनच विलंब टाळण्याची जबाबदारी अखेरीस उच्च न्यायालयांच्या स्वेच्छासंयमावर येऊन पडते.