विरघळणाऱ्या टाक्याचं कूळ

“टाके विरघळणारे आहेत, काढायला यायला नको,” असं डॉक्टरांनी सांगितलं की पेशंटला हायसं वाटतं. या टाक्याच्या दोऱ्याचं कूळ शोधत मागे गेलं, तर वाट थेट काशीला पोचते.

काशिराज दिवोदास धन्वंतरी सुश्रुताला शल्यतंत्र शिकवतो, अशी सुश्रुतसंहितेची मांडणी. तिच्या सूत्रस्थानाच्या 25 व्या अध्यायात जखम शिवायच्या दोऱ्यांची यादीच आहे: ताग, जवसाचा धागा, मूर्वा, गुळवेल, प्राण्यांचे स्नायुतंतू, केस आणि अश्मंतकाची साल. अश्मंतक म्हणजे आपला आपटा. दसऱ्याला आपण त्याची पानं लुटतो. वैद्याला हवा असे तो सालीचा वाख.

आतड्याची तऱ्हा मात्र वेगळी. छेदाच्या कडा जुळवून तिथं काळे मुंगळे डसवायचे, धड तोडून डोकी तशीच ठेवायची आणि आतडं पोटात सारायचं. वाखातलं सेल्युलोज काय किंवा मुंगळ्याच्या जबड्यातलं कायटिन काय, दोन्ही सजीवांनी घडवलेली बहुवारिकं, म्हणजे लहान कड्यांच्या लांबच लांब साखळ्या.

युरोपात टाक्यांसाठी चालला तो ‘कॅटगट’ दोरा. नावात मांजर, पण आतडं बहुधा मेंढीचं. 1869 च्या सुमारास शल्यविशारद लिस्टरने तो कार्बॉलिक आम्लात निर्जंतुक केला. पुढे 1970 च्या दशकात प्रयोगशाळेतले दोरे आले. त्यांतल्या एका प्रसिद्ध दोऱ्यात नऊ भाग ग्लायकॉलिक आम्लाच्या कड्या आणि एक भाग लॅक्टिक आम्लाच्या. अंगातलं पाणीच त्या कड्या तोडतं. दोन-अडीच महिन्यांत दोरा नाहीसा.

दही आंबट होतं तेही लॅक्टिक आम्लामुळेच. उसाची साखर आंबवून ते काढतात आणि त्याच्या कड्या जोडून ‘पीएलए’ करतात. हाडातले विरघळणारे स्क्रू, तसेच पेले नि वेष्टनंही त्याची होतात. जेजुरीला प्राज इंडस्ट्रीजचा असा प्रायोगिक प्रकल्प 2024 मध्ये सुरू झाला.

पण पीएलएचा पेला उकिरड्यावर टाकला तर कुजता कुजत नाही. त्याला कंपोस्ट प्रकल्पातली साठेक अंशांची ऊब लागते. शेजारी पडलेल्या पळसाच्या पत्रावळीला तसलं काही लागत नाही. तिलाही टाके असतातच, बारीक काडीचे. पावसाळा सरता सरता पानांबरोबर तेही मातीत जातात.