पतनशील वस्तूचा वेग आणि भास्कराचार्यांची 'तात्कालिक गती'

प्रस्तावना

हवेचा रोध वगळल्यास उंचावरून सोडलेली वस्तू एका सेकंदात सुमारे ४.९ मीटर, तर दोन सेकंदांत १९.६ मीटर अंतर कापते. तिचा वेग सतत वाढत असल्याने पहिल्या सेकंदाच्या अखेरीस तो नेमका किती, हे केवळ सरासरीवरून कळत नाही. त्या क्षणापासून एक सेकंदाचे कालांतर घेतल्यास सरासरी वेग सेकंदाला १४.७ मीटर, ०.१ सेकंद घेतल्यास १०.२९, तर ०.०१ सेकंद घेतल्यास ९.८४९ मीटर येतो. कालांतर शून्याकडे नेले असता मिळणारी ९.८ ही सीमा म्हणजेच अंतराचा विकलज होय. भारतीय गणितपरंपरेत अशा क्षणिक गतीचा विचार कोठवर गेला होता, याचा शोध प्रस्तुत लेखात घेतला आहे.

विवेचन

भास्कराचार्यांनी (जन्म १११४) 'सिद्धान्तशिरोमणी' हा ग्रंथ ११५० मध्ये सिद्ध केला. त्यांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी नातू चांगदेव याने स्थापिलेल्या मठाची नोंद चाळीसगावजवळील पाटण येथील शिलालेखात आढळते. चंद्राची आजची व उद्याची स्थाने यांतील अंतरावरून काढलेली दैनिक गती स्थूल असते. चंद्राची गती मोठी व क्षणोक्षणी बदलणारी असल्याने तिथीचा अंत काढताना 'तात्कालिक गती' घ्यावी, असे भास्कराचार्य सांगतात. ज्येतील सूक्ष्म बदल कोज्येच्या प्रमाणात असतो, हे त्यामागील सूत्र होय. त्याचे पूर्वरूप मुंजालाच्या 'लघुमानस' (९३२) या ग्रंथात दिसते.

याच ग्रंथाच्या गोलाध्यायात, पृथ्वी आपल्या आकर्षणशक्तीने जड वस्तू स्वतःकडे ओढते म्हणून ती पडल्यासारखी भासते, असे प्रतिपादन आहे. तथापि हे दोन विचार तेथे एकत्र आलेले नाहीत. पंचांग व ग्रहणगणितास चंद्राची गती हवी होती. पडणाऱ्या वस्तूचा वेग त्यांच्या कक्षेबाहेरचा होता. पतनाचे अंतर काळाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते, हा नियम गॅलिलिओने उतरत्या पृष्ठावरील मापनांच्या आधारे मांडला व १६३८ मध्ये प्रसिद्ध केला. कोणत्याही चल राशीस लागू पडणारी सर्वसाधारण पद्धती त्यानंतर न्यूटन व लायब्निझ यांनी दिली.

पुण्यात जन्मलेले व काशीच्या संस्कृत महाविद्यालयात अध्यापन करणारे बापूदेव शास्त्री यांनी १८५८ मध्ये भास्कराचार्यांना विकलनाचे तत्त्व ज्ञात होते, असा दावा केला. भास्कराचार्यांनी अत्यल्प कालांतराची संकल्पना स्पष्ट केलेली नसल्याने हा दावा मर्यादेपलीकडे जातो, असा आक्षेप स्पॉटिसवूड यांनी १८६० मध्ये घेतला.

निष्कर्ष

भास्कराचार्यांच्या नवव्या जन्मशताब्दीनिमित्त सप्टेंबर २०१४ मध्ये ठाणे येथे विद्या प्रसारक मंडळाने आंतरराष्ट्रीय परिषद भरविली. अशा प्रसंगी अभिमान व चिकित्सा यांचा तोल राखणे अगत्याचे ठरते. क्षणिक गतीची जाण व तिचे एक अचूक सूत्र हे श्रेय भास्कराचार्यांचे निर्विवाद आहे. सीमेची संकल्पना व सर्वसाधारण पद्धती मात्र त्यांच्या नावे सांगता येणार नाही. वर्गात विकलज शिकविताना पडणाऱ्या दगडासोबत तिथ्यंताचे उदाहरण दिल्यास, गणिती कल्पना व्यावहारिक गरजेतून कशी जन्मते व त्या गरजेपाशीच कशी थांबू शकते, हे विद्यार्थ्यांच्या सहज लक्षात येईल.