देणगी आणि परवाना

वारणाकाठच्या शिराळा तालुक्यातील ऊस-उत्पादकास बिलातील कपात नवी नाही. म्हणूनच बॅ. अ. र. अंतुले यांचे प्रकरण आम्ही येथे पुन्हा उलगडीत आहोत.

जून १९८० मध्ये ते मुख्यमंत्री झाले. साहित्यिक-कलावंतांच्या साहाय्यार्थ त्यांनी ‘इंदिरा गांधी प्रतिभा प्रतिष्ठान’ स्थापिले. हेतू उदात्त, परंतु निधी कोठून आला? सिमेंटवर तेव्हा सरकारी नियंत्रण होते. बिल्डरांनी देणग्या दिल्या आणि त्यांना सिमेंटचा कोटा मिळाला. सहकारी साखर कारखान्यांकडूनही उसाच्या टनामागे रक्कम घेतली गेली. म्हणजे ती शेतकऱ्याच्याच घामाची! ऑगस्ट १९८१ मध्ये अरुण शौरी यांनी ‘इंडियन एक्सप्रेस’मधून हे उघडकीस आणले. १२ जानेवारी १९८२ रोजी मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती लेंटिन यांनी देणगी व सिमेंट यांचा संबंध ग्राह्य धरला आणि अंतुल्यांना पद सोडावे लागले. फौजदारी खटला मात्र वर्षानुवर्षे रेंगाळला.

पैसा खिशात नव्हे, न्यासात गेला, असे कोणी म्हणेल. पण न्यास खाजगी होता आणि परवाना देणारा हातच देणगी मागत होता. अशा मागणीस नकार कोण देणार?

एक गोष्ट मात्र नोंदविली पाहिजे. संजय गांधी निराधार अनुदान योजना याच अंतुल्यांनी सुरू केली. तिचा आधार गावोगावच्या निराधार विधवांना आजही आहे.