नोकरीवरचे मांजर

मांजर आणि उंदीर यांचे वैर ही काही अमेरिकेने जगाला दिलेली देणगी नव्हे. महाभारताच्या शांतिपर्वात आपद्धर्माचे विवेचन करताना भीष्मांनी युधिष्ठिराला पलित नावाच्या उंदराची आणि लोमश नावाच्या मांजराची कथा सांगितली आहे. मांजर पारध्याच्या जाळ्यात सापडलेले, आणि उंदीर मुंगूस व घुबड यांच्या कचाट्यात. दोघांनी संकटापुरता तह केला. उंदराने जाळे कुरतडले खरे, परंतु पारधी दृष्टीस पडेपर्यंत शेवटचा पाश तोडला नाही. या कथेत मांजर उंदराचा वैरी आहे तो भुकेपोटी. निसर्गानेच ते वैर ठरवून दिले आहे आणि त्याला दुसऱ्या कारणाची गरज नाही.

'टॉम आणि जेरी' या नावाने जगभर गाजलेल्या व्यंगचित्रपटांतील वैर मात्र असे नाही. टॉम भुकेला असा क्वचितच दिसतो. घराने त्याला दूध दिले आहे, चुलाण्याजवळची उबदार जागा दिली आहे, आणि त्या मोबदल्यात एक काम नेमून दिले आहे. तो उंदरामागे धावतो तो पोटासाठी, परंतु नोकरदार माणूस पोटासाठी धावतो त्या अर्थाने. या चित्रपटांतील ठराविक विनोद पुनःपुन्हा पाहूनही शिळे का होत नाहीत, याचे उत्तर माझ्या मते या एका गोष्टीत आहे.

मालिकेचा पहिला चित्रपट फेब्रुवारी १९४० मध्ये प्रदर्शित झाला. त्याचे नाव 'पस गेट्स द बूट'. बूट घालणाऱ्या मांजराची युरोपीय लोककथा प्रसिद्ध आहे. तिच्यावरच ही कोटी आहे, कारण इंग्रजी बोलीत 'बूट मिळणे' म्हणजे कामावरून हाकलले जाणे. कथानक अगदी साधे आहे. बोका एका लहानग्या उंदराचा निर्दय खेळ करीत असतो. त्या धावपळीत घरातील वस्तू फुटते, आणि घर सांभाळणारी बाई त्याला बजावते की, आणखी एक वस्तू फोडलीस तर तुला घराबाहेर काढीन. हे शब्द उंदीर ऐकतो. तो काचेचा एक पेला उचलतो आणि मेजाच्या कडेवर हातात धरून उभा राहतो. त्या क्षणी सत्ता हस्तांतरित होते! बोक्याचे नख, दात, बळ सारे व्यर्थ ठरते, आणि आता त्याच्या हाती फक्त पडणारे पेले व बशा झेलणे उरते. अखेरीस बशा फुटतात, आणि बोका घराबाहेर जातो. पुढच्या अठरा वर्षांत जे जे आले त्याचे बीज या काही मिनिटांत आहे.

हे बीज ज्यांनी पेरले त्या दोघांना नोकरीची अशाश्वती पुस्तकातून शिकावी लागली नव्हती. विल्यम हॅना (१९१०–२००१) यांनी स्थापत्याचे शिक्षण घेण्यास आरंभ केला होता. १९२९ नंतरच्या महामंदीत त्यांचे काम गेले आणि पोटासाठी ते व्यंगचित्रपटांच्या धंद्यात शिरले. जोसेफ बार्बेरा (१९११–२००६) हे न्यूयॉर्कमधील एका बँकेत कारकून होते आणि फावल्या वेळात मासिकांना व्यंगचित्रे पाठवीत. दोघे एकत्र आले ते मेट्रो-गोल्डविन-मेयर या बलाढ्य कंपनीने १९३७ मध्ये काढलेल्या व्यंगचित्र विभागात. बार्बेरांनी गोष्ट आणि चेष्टा सुचवाव्यात व भराभर रेखाटाव्यात. हॅनांनी त्यांना वेळेचे माप लावावे, अशी कामाची वाटणी ठरली. पहिल्या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत मात्र या दोघांपैकी एकाचेही नाव नव्हते. तेथे रुडॉल्फ आयझिंग या वरिष्ठांचे नाव झळकले.

विभागाचे प्रमुख फ्रेड क्विम्बी यांना उंदीर-मांजराच्या जोडीत फारसे भविष्य दिसत नव्हते. पुढे टेक्सस संस्थानातील चित्रगृहांच्या व्यवसायातील एका बाईंनी, ही जोडी पुन्हा केव्हा पाहावयास मिळणार, अशी पत्राने चौकशी केली, तेव्हा प्रमुखांचे मत पालटले. पहिल्या चित्रपटात बोक्याचे नाव जॅस्पर होते. नव्या नावांसाठी विभागातच स्पर्धा लावली गेली, आणि जॉन कार या चित्रकाराने सुचविलेल्या 'टॉम' व 'जेरी' या नावांना ५० डॉलरांचे बक्षीस मिळाले.

आता त्या चेष्टांकडे वळू. इंग्रजीत अशा धक्काबुक्कीच्या विनोदाला 'स्लॅपस्टिक' म्हणतात. हा शब्द जुन्या इटालियन प्रहसनांतील एका साधनावरून रूढ झाला. दोन पट्ट्यांची ती काठी पाठीवर हाणली की आवाज मोठा होई, पण मार फारसा लागत नसे. मोठा आवाज आणि अल्प वेदना ही या विनोदाची मूळ अट होय. टॉम आणि जेरीच्या चित्रपटांत ती अट कल्पनेच्या टोकापर्यंत पाळलेली दिसते. तव्याचा तडाखा बसला की टॉमच्या तोंडाला तव्याचा आकार येतो. जिन्यावरून कोसळला की त्याचे शरीर बाजाच्या भात्यासारखे चुण्याचुण्यांचे होते. दात काचेसारखे खळाखळा गळतात. शेपूट उंदराच्या सापळ्यात अडकते आणि मग ती प्रसिद्ध किंकाळी उठते. ती किंकाळी स्वतः हॅना यांच्या गळ्यातील आहे. पुढच्याच दृश्यात टॉम अक्षत, ताजातवाना! शस्त्रे कोणती, तर इस्त्री, झाडू, लाटणे, पियानोचे झाकण; म्हणजे घरातील नित्याच्याच वस्तू. ज्या घराची राखण करावयाची, तेच घर त्याला ठोकून काढते.

हे सारे उत्स्फूर्त भासते. प्रत्यक्षात त्यामागे हिशेबनिसाची काटेकोर शिस्त होती. पडद्यावर एका सेकंदाला २४ चित्रे सरकतात. सात मिनिटांच्या चित्रपटाला अशी दहा हजारांवर चित्रे भरतात. तवा उगारल्यापासून तो लागेपर्यंत किती चित्रे जावयाची, आणि तो लागल्यावर टॉम किती चित्रे निश्चल राहावयाचा, हे हॅना आधीच ठरवीत. विनोद त्या निश्चल क्षणात असतो. १९४१ च्या अखेरीच्या सुमारास टेक्स ॲव्हरी हे दिग्दर्शक याच विभागात आले. त्यांच्या वेगवान शैलीशी चढाओढ करता करता या मालिकेचीही गती पुष्कळ वाढली. स्कॉट ब्रॅडली यांचे संगीत तर या चित्रपटांचे संभाषणच होते. १९४४ च्या एका चित्रपटात जेरी कुत्र्याचे मुंडके पांघरून चालत येतो. तेथे ब्रॅडली यांनी शोएनबर्गप्रणीत बारा स्वरांच्या पद्धतीचा उपयोग केला. जे संगीत सभागृहात ऐकून श्रोते अस्वस्थ होत, त्यावर येथे मुले खदखदून हसली.

शब्द जवळजवळ नसल्यामुळे या चित्रपटांना भाषेची सीमा उरली नाही. आपल्याकडेही मेट्रो कंपनीची स्वतःची चित्रगृहे होती. एक कलकत्त्याच्या चौरंगीवर, आणि दुसरे १९३८ मध्ये मुंबईच्या धोबी तलावाजवळ उघडलेले. मुख्य बोलपटापूर्वी हा सात मिनिटांचा फराळ मिळे. बंगाली, मराठी, तमिळ, गुजराती मुले एकाच क्षणी हसत, आणि शेजारी बसलेल्या मुलाला अर्थ समजावून सांगण्याची पाळी कोणावरही येत नसे. परप्रांतात मुले वाढविणाऱ्यांना या गोष्टीचे मोल वेगळे सांगावयास नको.

पहिल्या चित्रपटातील त्या पेल्याची चेष्टा पुढे अनेक रूपांनी परत आली. १९४५ च्या 'क्वाएट प्लीज' मध्ये बाईची जागा स्पाइक नावाचा बुलडॉग घेतो. त्याची झोप मोडली तर टॉमची धडगत नाही. मग जेरी आवाज करण्याच्या एकेक युक्त्या काढतो आणि टॉम प्रत्येक आवाज स्वतःच्या अंगावर झेलतो. १९४८ च्या 'ओल्ड रॉकिन चेअर टॉम' मध्ये टॉम म्हातारा झाला असे ठरवून त्याच्या जागी लाइटनिंग नावाचा तरुण, चपळ बोका आणला जातो. १९५२ च्या 'पुश-बटन किटी' मध्ये तर यांत्रिक मांजरच येते, आणि टॉम निमूटपणे घर सोडतो. चाकरीतली जी जी भये असतात, वरिष्ठांची निद्रा, तरुण प्रतिस्पर्धी, यंत्राचे आगमन, ती सारी या विनोदाच्या पोटात आहेत. मुले तव्याच्या तडाख्याला हसतात. मोठी माणसे कशाला हसतात हे ती स्वतःशीच ठेवतात.

या घरात आणखी एक कष्टकरी व्यक्ती आहे आणि तिची गोष्ट हसण्यासारखी नाही. टॉमला धमकावणारी ती बाई कृष्णवर्णीय आहे. तिचे पाय, फाटके मोजे आणि हातातला झाडू दिसतो. चेहरा मात्र जवळजवळ कधीच दिसत नाही. लिलियन रँडॉल्फ या गुणी अभिनेत्रीने तिला आवाज दिला, पण त्यांचे नाव पडद्यावर आले नाही. गोऱ्या अमेरिकेने कृष्णवर्णीय मोलकरणीचे जे ठोकळेबाज चित्र मनात जपले होते, तेच येथे आहे. स्फोटानंतर टॉमचा चेहरा काळा होऊन त्याचे सोंग बनते, ही पुनरावृत्त चेष्टाही त्याच वृत्तीतली. कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी झगडणाऱ्या संघटनेने या पात्राला हरकत घेतली, आणि १९५२ नंतर ती बाई मालिकेतून नाहीशी झाली. पुढे दूरचित्रवाणीसाठी तिचा आवाज बदलण्यात आला व काही दृश्ये गाळण्यात आली. चुकीचे दृश्य लपविले म्हणून इतिहास शुद्ध होत नाही. ज्या मालिकेला टांगत्या नोकरीचे दुःख इतके नेमके कळले होते, तिला त्याच घरात राबणाऱ्या बाईला चेहरा द्यावासा वाटला नाही, हे नमूद करूनच पुढे गेले पाहिजे.

मालिकेला सन्मान भरपूर मिळाले. १९४३ ते १९५२ या काळातील सात चित्रपटांनी ऑस्कर पारितोषिक पटकाविले. लिस्टच्या दुसऱ्या हंगेरियन ऱ्हॅप्सडीवर उभारलेला 'द कॅट कन्सर्टो' हा त्यांतला बहुधा सर्वांत परिचित. ही पारितोषिके निर्माते म्हणून क्विम्बी यांनी स्वीकारली. ज्यांनी गोष्ट रचली व वेळ मोजली ते दोघे आपल्या मेजाशीच राहिले. १९५५ मध्ये क्विम्बी निवृत्त झाले, तेव्हा विभागाची सूत्रे हॅना-बार्बेरांकडे आली. परंतु तोवर दूरचित्रवाणीने चित्रगृहे ओस पाडण्यास प्रारंभ केला होता. जुने व्यंगचित्रपट पुन्हा दाखविले तरी जवळजवळ नव्याइतकीच प्राप्ती होते, असे कंपनीच्या हिशेबात आढळले. मग नवे कशाला? १९५७ मध्ये दूरध्वनीवरून निरोप आला आणि विभाग बंद झाला. वीस वर्षांचे काम एका निरोपात संपले. बशा फुटल्या नव्हत्या, झोपही कोणाची मोडली नव्हती. तरी बूट मिळाला.

दोघांनी त्याच वर्षी स्वतःची संस्था काढून दूरचित्रवाणीसाठी कमी चित्रांत, कमी खर्चात चालणारी पद्धत बसविली आणि तीत अमाप यश मिळविले. टॉम व जेरी मात्र दुसऱ्यांच्या हाती गेले. १९६१–६२ मध्ये प्राग येथे जीन डाइच यांनी १३ चित्रपट केले. १९६३ ते १९६७ या काळात चक जोन्स यांनी ३४. त्यांत कौशल्य आहे, परंतु घरातून हाकलले जाण्याचे भय त्यांत क्वचितच जाणवते. पुढे १९७५ मध्ये खुद्द हॅना-बार्बेरांच्याच संस्थेने दूरचित्रवाणीसाठी नवी मालिका काढली. मुलांच्या कार्यक्रमांतील मारामारीविरुद्ध त्या वेळी ओरड होती. म्हणून टॉम व जेरी यांना जिवलग मित्र करण्यात आले. तवा नाही, पेला नाही, पाठलाग नाही. त्या मालिकेला जुन्या ११४ चित्रपटांचे भाग्य लाभले नाही. १९९५ मध्ये कार्टून नेटवर्क ही वाहिनी आपल्या देशात आली, तेव्हा नव्या पिढीनेही जुन्या टॉमवरच प्रेम केले.

याचे कारण त्या ११४ मध्येच सापडते. १९४३ च्या 'द लोनसम माउस' मध्ये जेरी युक्तीने टॉमला घराबाहेर काढवितो. घर त्याचे एकट्याचे होते. तो आनंदाने नाचतो आणि थोड्याच वेळात कंटाळून जातो. मग तोच टॉमला गाठतो, दोघे मिळून कट रचतात, आणि टॉम पुन्हा कामावर रुजू होतो. तरुण लाइटनिंगला घालविण्यासाठीही याच दोघांनी हातमिळवणी केली. हॅना-बार्बेरांच्या हातच्या अखेरच्या, १९५८ च्या 'टॉट वॉचर्स' मध्ये तर बाळाला सांभाळण्यास ठेवलेली मुलगी दूरध्वनीवर बोलण्यात दंग असते, आणि रांगत रांगत संकटात जाणाऱ्या बाळाला ही दोघेच पुनःपुन्हा वाचवितात.

संकट टळल्यावर लोमशाने पलिताला मैत्रीचे आमंत्रण दिले, तेव्हा शहाण्या उंदराने ते नाकारले. शत्रू किंवा मित्र असा जन्मतः कोणी नसतो, कार्य तसे ठरविते, असे त्याचे म्हणणे. जेरी तितका शास्त्री नव्हे. पण टॉमचा पेला आपल्या हातात आहे, आणि टॉम या घरात राहिला तरच तो पेला धरण्यात अर्थ आहे, एवढे त्याला पक्के ठाऊक आहे. म्हणून तो पेला फोडतो, आणि टॉमला परतही आणतो.