वेशभूषाकाराचा व्यवसाय: कपडेपट, भानू अथैया आणि नगर जिल्हा

हिंदी चित्रपटसृष्टीत वेशभूषाकार हा स्वतंत्र आणि सन्मानित व्यावसायिक म्हणून स्थिरावण्यापूर्वी त्याचे काम अनेकांच्या हाती विखुरलेले होते, आणि या विखुरलेपणाची मुळे बऱ्याच अंशी मराठी रंगभूमीच्या व्यवस्थेत सापडतात. संगीत नाटक मंडळ्यांमध्ये 'कपडेपट' हा स्वतंत्र विभाग असे. कपडेपट म्हणजे मंडळीच्या मालकीच्या पोशाखांचा साठा आणि तो सांभाळणारे खाते. पोशाखांच्या घड्या घालणे, उसवलेले शिवणे, प्रयोगापूर्वी ज्याचे त्याला काढून देणे ही कामे या खात्यातील माणसे करीत. मात्र कोणत्या पात्राने काय नेसावे किंवा ल्यावे हे मंडळीचा मालक अथवा प्रमुख नट ठरवी. संगीत नाटकांत स्त्रीभूमिका करणारे नट बालगंधर्व यांनी शालू, पैठण्या, शेले आणि दागिने यांवर केलेला खर्च प्रसिद्ध आहे. त्यांच्या नेसणीचे आणि केशरचनेचे अनुकरण घरंदाज स्त्रियाही करीत, आणि मंडळीच्या कर्जात या हौसेचाही वाटा होता. ही दृष्टी वेशभूषाकाराचीच होती, परंतु ती नटाच्या कीर्तीत विरघळून गेल्याने तिला व्यवसायाचे रूप आले नाही.

तमाशाच्या फडात तर एवढीही विभागणी नव्हती. नगर (आता अहिल्यानगर) जिल्ह्यातील संगमनेर तालुक्यात हिवरगाव पावसा हे पवळा हिवरगावकर यांचे गाव. तमाशाच्या बोर्डावर उभ्या राहिलेल्या पहिल्या स्त्री कलावंत म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. त्यापूर्वी स्त्रीभूमिका 'नाच्या पोऱ्या' म्हणजे स्त्रीवेष घेणारा मुलगा करी. स्त्री फडावर आल्यावर नऊवारी लुगडे हा केवळ वेष राहिला नाही. शेतात कामाला सोयीचा काष्टा आणि नाचताना पायाच्या हालचाली मोकळ्या ठेवणारा काष्टा यांतील फरक प्रेक्षकाला, निदान गावाकडच्या प्रेक्षकाला, नीट कळत असे. पुढे हिंदी चित्रपटाने नऊवारीला कोळीण किंवा नर्तकी एवढ्याच अर्थाने वापरले, तेव्हा हा सूक्ष्म फरक पुसला गेला. वेशभूषेचे शास्त्र नसले की काय होते याचे ते ठळक उदाहरण आहे.

चित्रपटात या कामाला पहिले शिस्तबद्ध वळण कोल्हापुरात मिळाले. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत चित्रकारच नेपथ्य, जाहिरातीची भित्तिपत्रके आणि पोशाख या सर्वांचा विचार एकत्र करीत, त्यामुळे वेशभूषा ही कलादिग्दर्शनाची, म्हणजे पडद्यावरील दृश्यरचनेची, शाखा ठरली. या कंपनीतून बाहेर पडलेल्या मंडळींनी १९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनी काढली, ती १९३३ मध्ये पुण्यास आली आणि तिच्या मराठी-हिंदी चित्रपटांतही हीच परंपरा चालू राहिली. नगर जिल्ह्याचा संबंध येथे एका नटाच्या द्वारे येतो. १९१८ मध्ये अहमदनगर येथे ख्रिस्ती कुटुंबात जन्मलेले शाहू मोडक हे कृष्णाच्या पीतांबर-मुकुटातील भूमिकांसाठी देशभर ओळखले जात. प्रभातच्या 'माणूस' (१९३९, हिंदीत 'आदमी') या चित्रपटात त्यांनी पोलीस शिपायाचा गणवेश घातला, आणि लगेच पुढच्या वर्षी दामले-फत्तेलाल यांच्या 'संत ज्ञानेश्वर'मध्ये ते ज्ञानेश्वर झाले. ज्या ज्ञानेश्वरांनी नगर जिल्ह्यातीलच नेवासे येथे १२९० मध्ये गीतेवरील टीका सांगितली, त्यांचा पोशाख नेमका कसा होता याचा समकालीन चित्रपुरावा नाही. पडद्यावर दिसलेले रूप चित्रकाराच्या कल्पनेतून उतरलेले होते, तरीही पुढच्या पिढ्यांना तेच रूप खरे वाटू लागले.

वेशभूषाकार भानू अथैया याच कोल्हापुरी चित्रकार-परंपरेतून आल्या. त्यांचा, म्हणजे माहेरच्या भानुमती अण्णासाहेब राजोपाध्ये यांचा, जन्म २८ एप्रिल १९२९ रोजी कोल्हापुरात झाला. त्यांचे वडील चित्रकार आणि छायाचित्रकार होते, बाबूराव पेंटर यांच्या चित्रपटांसाठीही त्यांनी काम केले होते, आणि मुलगी लहान असतानाच त्यांचे निधन झाले. मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये सुवर्णपदक मिळवलेल्या भानुमतींनी १९५३ मध्ये प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप या आधुनिक चित्रकारांच्या गटाबरोबर आपली चित्रे प्रदर्शित केली होती. चित्रकलेवर उपजीविका चालणे कठीण असल्याने त्यांनी 'ईव्ह्ज वीकली' या इंग्रजी स्त्रीसाप्ताहिकासारख्या नियतकालिकांसाठी पोशाखांची रेखाटने केली. या साप्ताहिकाच्या संपादिकेने कपड्यांचे दालन उघडले तेव्हा रेखाटनातला पोशाख प्रत्यक्ष शिवून घेण्याची संधी मिळाली आणि तेथे येणाऱ्या अभिनेत्रींमुळे चित्रपटाचे दार उघडले. कामिनी कौशल यांच्यासाठी केलेले काम, मग 'श्री ४२०' (१९५५), गुरुदत्त यांच्या निर्मितीतील 'सी. आय. डी.' (१९५६) आणि 'प्यासा' (१९५७) असा हा क्रम आहे. चित्रकार म्हणून त्यांची जी कारकीर्द होऊ शकली असती ती येथे थांबली, ही गोष्ट भारतीय कलेच्या इतिहासात पुरेशी नोंदली गेलेली नाही.

त्या काळात नायिकेचे कपडे एकाने, नायकाचे त्याच्या नेहमीच्या शिंप्याने आणि जमावाचे 'ड्रेसवाल्या'ने, म्हणजे पोशाख भाड्याने पुरवणाऱ्या व्यावसायिकाने, पुरवावेत अशी पद्धत होती. परिणामी एकाच दृश्यात तीन वेगवेगळे काळ नांदत. भानू अथैया यांच्या कामाचे महत्त्व हे की त्यांनी पोशाखाची सुरुवात कापडापासून नव्हे तर पटकथेपासून केली: पात्राचे वय, जात, पैसा, ऋतू आणि प्रसंग यांची नोंद करणे, मग रेखाटन, मग बाजारात कापडाचा शोध, मग 'मास्टर' म्हणजे कापणी करणाऱ्या मुख्य शिंप्याबरोबरची बैठक, आणि शेवटी नवे कापड वापरलेले वाटावे म्हणून ते धुऊन, मळवून, विरवून घेणे. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नसल्याने 'कंटिन्युटी'ही सांभाळावी लागे. म्हणजे आज चित्रित झालेल्या प्रसंगातील पदर महिन्याने चित्रित होणाऱ्या त्याच्या पुढच्या क्षणात त्याच खांद्यावर, त्याच चुण्यांसह दिसावा लागे.

शिवलेले आणि न शिवलेले वस्त्र यांतील भेद हा त्यांच्या कामाचा गाभा म्हणता येईल. लेख टंडन दिग्दर्शित 'आम्रपाली' (१९६६) साठी त्यांनी अजिंठ्याच्या भित्तिचित्रांचा अभ्यास केला आणि वैजयंतीमालांसाठी अंगाभोवती गुंडाळलेल्या, बांधलेल्या वस्त्रांची रचना केली. ज्या प्रेक्षकाला पौराणिक चित्रपटातील जरीच्या चोळ्यांची सवय होती त्याला प्राचीन भारत प्रथमच निराळा दिसला. याच्या अगदी उलट 'ब्रह्मचारी' (१९६८) मधील मुमताज यांची नारिंगी साडी नाचताना सुटू नये म्हणून शिवून, चेन (झिप) लावून तयार केलेली होती. 'वक्त' (१९६५) मधील साधना यांच्या तंग कुर्ता-चुडीदारने तर शहरांतील तरुण मुलींची पसंतीच बदलली. पुढे संख्या वाढत जाऊन शंभरहून अधिक चित्रपट झाले. त्या सर्वांचा दर्जा सारखा नव्हता, आणि व्यवसाय म्हटल्यावर तो तसा असणारही नाही.

रिचर्ड अटेनबरो यांच्या 'गांधी' (१९८२) मध्ये हे सारे कौशल्य पणास लागले. चित्रपटाचा काळ १८९३ ते १९४८ असा पंचावन्न वर्षांचा, आणि नायकाचा पोशाख हीच त्याच्या राजकारणाची भाषा: दक्षिण आफ्रिकेतील वकिलाचा सूट, १९१५ मध्ये मायदेशी परतताना काठियावाडी अंगरखा-पागोटे, १९२१ पासून केवळ पंचा. ब्रिटिश बाजूचे काम मुख्यत्वे जॉन मोलो यांच्याकडे, तर भारतीय पात्रांचे भानू अथैया यांच्याकडे होते. येथे नगरच्या भुईकोट किल्ल्याचा उल्लेख अप्रस्तुत ठरणार नाही. ऑगस्ट १९४२ मध्ये काँग्रेस कार्यकारिणीचे जे सदस्य पकडले गेले, त्यांतील नेहरू, पटेल, आझाद आणि कृपलानी या किल्ल्यात स्थानबद्ध होते, आणि ही चारही माणसे पात्रे म्हणून या चित्रपटात येतात. सगळ्यांची खादी पांढरी. तरीही आझादांची शेरवानी, नेहरूंची टोपी आणि जाकीट, पटेलांचे धोतर आणि खांद्यावरचे वस्त्र यांतून माणूस दुरूनच ओळखू यावा लागतो. खादीचा जाडपणा, तिचा पिवळसर किंवा निळसर पांढरेपणा, तिची पडण्याची रीत यांवर या दृश्यांचा विश्वासार्हपणा उभा आहे. नगरच्या किल्ल्यात नेहरूंनी लिहिलेल्या ग्रंथावर श्याम बेनेगल यांनी १९८८ मध्ये 'भारत एक खोज' ही ५३ भागांची दूरचित्रवाणी मालिका केली, तेव्हा नेहरूंच्या भूमिकेत 'गांधी'मधलेच रोशन सेठ होते. तिची वेशभूषा मात्र सलीम आरिफ यांची, आणि वैदिक काळापासून स्वातंत्र्यापर्यंतचा तिचा पल्ला अथैयांच्या कोणत्याही चित्रपटापेक्षा मोठा होता.

लोकमानसात आधीच गोठलेली प्रतिमा हे वेशभूषाकाराचे सर्वांत अवघड क्षेत्र असते, आणि नगर जिल्हा अशा प्रतिमांनी भरलेला आहे. शिर्डीच्या साईबाबांची कफनी, म्हणजे पायघोळ सैल अंगरखा, आणि डोक्याला गुंडाळून मागे बांधलेले फडके यांचे वर्णन 'श्री साईसच्चरित'मध्ये येते आणि छायाचित्रांनी ते पक्के केले आहे. १९७७ च्या 'शिर्डी के साईबाबा'मध्ये सुधीर दळवी यांनी तोच पोशाख धारण केला, कारण त्यात फेरफार करण्याची मुभाच कोणाला नव्हती. जामखेड तालुक्यातील चौंडी येथे १७२५ मध्ये जन्मलेल्या अहिल्याबाई होळकर यांचे पांढऱ्या लुगड्यातील, हाती शिवलिंग घेतलेले चित्र असेच अढळ आहे. याउलट नगरचेच सदाशिव अमरापूरकर यांनी 'सडक' (१९९१) मध्ये महाराणी या कुंटणखान्याच्या मालकिणीची भूमिका साडी नेसून केली आणि खलभूमिकेसाठी तेव्हा नव्यानेच सुरू झालेला फिल्मफेअर पुरस्कार मिळवला. ज्या वस्त्राने बालगंधर्वांच्या देहावर लावण्य निर्माण केले होते त्यानेच येथे दहशत निर्माण केली.

११ एप्रिल १९८३ रोजी 'गांधी'साठी भानू अथैया यांना जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर मिळाले आणि हा पुरस्कार मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय ठरल्या. अमेरिकेत वेशभूषेचा ऑस्कर १९४८ च्या चित्रपटांपासून दिला जात होता. भारतात या कामासाठी राष्ट्रीय पुरस्कार १९८४ च्या चित्रपटांपासून सुरू झाला, म्हणजे परदेशी मान्यता देशी मान्यतेच्या आधी आली. पुढे 'लेकिन' आणि 'लगान' (२००१) यांसाठी अथैयांना तो राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला, आणि २०१० मध्ये त्यांनी आपल्या कामावर सचित्र इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला.

व्यवसायाला नाव मिळाले, पण त्याची सामग्री टिकवण्याची व्यवस्था झाली नाही. चित्रपट संपल्यावर पोशाख ड्रेसवाल्याकडे परत जात, उसवून पुन्हा शिवले जात किंवा निर्मात्याच्या गोदामात कुजत, आणि म्हणून या इतिहासाच्या अभ्यासकाला पडदा, स्थिरचित्रे आणि रेखाटने यांवरच भिस्त ठेवावी लागते. स्वतः अथैयांनी २०१२ मध्ये आपले ऑस्कर सुरक्षित राहावे म्हणून लॉस एंजेलिस येथील अकादमीकडे परत पाठवले. १५ ऑक्टोबर २०२० रोजी त्यांचे मुंबईत निधन झाले. भारतीय चित्रपटाचे राष्ट्रीय संग्रहालय त्याच शहरात त्याच्या आदल्या वर्षी, २०१९ मध्ये, उघडले होते.