कोलमचं व्याकरण

चेन्नईच्या पोस्टिंगमध्ये वेस्ट मांबलमला राहत होतो. मार्गळी महिन्यात पहाटे बायका दारात सडा घालून तांदळाच्या पिठाचं कोलम काढत. आपण रांगोळीत ठिपके जोडतो. इथल्या सिक्कु कोलममध्ये रेघ ठिपक्यांना वळसे घेत पुष्कळदा न तुटता सुरुवातीला येऊन मिळते.

मांबलमहून लोकलने तांबरमला गेलं, की मद्रास ख्रिश्चन कॉलेज लागतं. तिथल्या गिफ्ट आणि राणी सिरोमनी या दांपत्याने कमला कृतिवासन यांच्यासह १९७४ मध्ये कोलमवर शोधनिबंध लिहिला. मोजक्या नियमांतून असंख्य आकृत्या कशा तयार होतात, ते त्यांनी संगणकशास्त्राच्या भाषेत मांडलं.

हे नियम बायकांच्या बोटांत पिढ्यान्‌पिढ्या होते. शोधनिबंधावर तिघांची नावं आहेत. आकृत्या रचणाऱ्यांची नावं मात्र सहसा नोंदलेली नसतात.